पट्टीशी बोललेला सीन

"काका, तुम्ही नुसतं वाचलंत तरी चालेल. एनर्जी वाचवा," असिस्टंट डिरेक्टर मुलगी मला हळूच म्हणाली. मी तिच्यावर डाफरलो. नाटकात एखाद्या नटाला 'तू वाचतोयस' म्हणणं ही शिवी असते. ती बिचारी आपल्या कामाला निघून गेली. त्या दिवशी सेटवर माझ्या भल्याचं बोलणारी ती एकटीच होती, हे मला पुढे कळलं.

मी रत्नागिरीत, मिरकरवाड्याच्या जेटीवर एका उपड्या क्रेटवर बसलो होतो, कॅमेऱ्याला अगदी खेटून. कॅमेरा माझ्यावर नव्हता. तो समोर बसलेल्या हिरोवर होता. त्याचं नाव इथे घेत नाही. पोस्टरवर ते एवढं मोठं होतं की मी आणखी लिहायची गरज नाही. त्याचा क्लोजअप, म्हणजे नुसता चेहरा, घ्यायचा होता आणि मी त्याला क्यू द्यायचा होता.

क्यू म्हणजे काय ते सांगतो. सिनेमात दोन माणसं बोलत असली की आधी दोघंही दिसतील असा लांबून अख्खा सीन घेतात. त्याला मास्टर म्हणतात. मग एकाच्या खांद्यावरून दुसऱ्याचं तोंड घेतात. सेटवर त्याला सजेशन म्हणतात, कारण खांदा आणि डोक्याची मागची बाजू दिसली की समोर कुणीतरी आहे एवढं सुचतं. मग एकेकाचा क्लोजअप. ज्याच्यावर कॅमेरा नसतो त्याने कॅमेऱ्याशेजारी बसून आपली वाक्यं म्हणायची, म्हणजे समोरच्याला ती ऐकून चेहऱ्यावर काही आणता येतं. हा क्यू. तो देणारा दिसत नाही, त्याचा आवाजही सहसा वापरत नाहीत. त्यामुळे शहाणी माणसं क्यू देताना जांभया देत वाक्यं म्हणतात.

मी शहाणा नव्हतो. मी नाटकवाला.

तरुणपणी मी मुंबईच्या एका नाटक कंपनीबरोबर दौरे केले. वडील गेल्यावर आंब्याच्या कलमांची बाग बघायला रत्नागिरीत परत आलो. बागेपेक्षा नाटकाकडेच जास्त लक्ष दिलं, असं माझी बायको माधवी सांगेल आणि ते खरं आहे. इथल्या हौशी संस्थेतून दरवर्षी स्पर्धेला उतरत राहिलो. कोकणात कॅमेरा आला की कुणीतरी माझा नंबर देतं. असा मी पडद्यावर हवालदार झालो, पोस्टमन झालो, देवळातला पुजारी झालो. एका सिनेमात मयताचा भाऊ होतो. त्यात मयताला माझ्यापेक्षा जास्त वेळ मिळाला.

ही असली कामं करताना मला कधी वाईट वाटलं नाही, कारण माझं खरं काम स्टेजवर होतं. वाईट वेगळ्याच गोष्टीचं वाटायचं. स्टेजवरचं काही उरत नाही. माझी मुलगी शर्वरी लहान होती तेव्हा मी दौऱ्यावर. मी घरी आलो तेव्हा ती शिकायला बाहेर, आणि आता ती लांब परदेशात. तिने माझं एकही चांगलं काम पाहिलेलं नाही. प्रयोगाचे कुणी कुणी मोबाइलवर काढलेले व्हिडिओ आहेत. त्यात मी म्हणजे एक पांढरा ठिपका आणि आवाज हॉलच्या पंख्यांचा. तिने एकदा तसला व्हिडिओ बघून विचारलं होतं, "यातले तुम्ही कोणते, बाबा?" मी हसलो होतो, पण ते मनातून गेलं नाही. एकदा तरी आपलं काम, आपल्या तोंडासकट, कुठेतरी नीट ठेवावं, एवढीच माझी हाव होती.

म्हणून निखिलचा फोन आला तेव्हा मी बाग, कामगार, सगळं माधवीच्या गळ्यात टाकून मोकळा झालो. निखिल हा दिग्दर्शक. पुण्याचा, वयाने माझ्या मुलीएवढा, बोलायला गोड. रोल होता हिरोच्या बापाचा. बाप तांडेल, म्हणजे मच्छीमार बोटीचा कप्तान. सिनेमाभर तो घुम्यासारखा जाळं विणत बसतो. शेवटाकडे एका सीनमध्ये तो धाकट्या मुलाला सांगतो की तुझा थोरला भाऊ पळून नाही गेला. वादळात तो पाण्यात पडला, आणि बाकीचे खलाशी वाचवायला मी बोट मागे न वळवता बंदराकडे आणली. हिरो म्हणजे तो धाकटा. त्याने फक्त ऐकायचं होतं. त्याला वाक्यं अशी दोनच होती.

असा सीन माझ्या वाट्याला कधी आला नव्हता. मी तो दत्तापुढे वाचला. दत्ताचं मिरकरवाड्यात बोटींच्या इंजिनांच्या सुट्या भागांचं दुकान आहे. स्टेजवर तो कधी माझा भाऊ असतो, कधी वैरी. दुकान बंद केलं की आम्ही दोघं धक्क्यावर बसून तालीम करायचो. थोरल्याचं नाव येण्याआधी बाप थांबतो. लेखकाने तिथे नुसती टिंबं दिली होती. मी निरनिराळ्या तऱ्हांनी थांबून बघत होतो आणि काही जमत नव्हतं. एके दिवशी दत्ता वैतागून मला म्हणाला, "नाव घेतलं की पोरगा मेला, सुधा. तोवर जिता हाय. एवढंच हाय ता, त्यात आणि काय शोधतंस?"

त्यानंतर मला काही शोधावं लागलं नाही.

निखिलशी एकच कुरबुर झाली. त्याला बाप मालवणी बोलायला हवा होता. म्हटलं, "अरे, हा मिरकरवाडा आहे. मालवण इथून किती लांब आहे ठाऊक आहे का?" तो म्हणाला, "काका, ऑडियन्सला कोकण म्हणजे तेच." मी अडून बसलो. शेवटी ठरलं की मी माझं बोलीन. पण हिरोने तोवर मास्तर लावून मालवणी शिकून घेतली होती. त्यामुळे त्या सिनेमात बाप रत्नागिरीचा आणि मुलगा मालवणचा आहे. कुणाच्याही ते लक्षात आलेलं नाही, हेही सांगून ठेवतो.

शूटिंगच्या दिवशी मास्टर सकाळीच झाला. सजेशनही झाली. दुपारनंतर क्लोजअप. रिवाज असा की ज्याचं बोलणं मोठं त्याचं तोंड आधी घ्यावं, तो ताजा असतो तोवर. पण निखिल माझ्याजवळ आला आणि उकिडवा बसला. दिग्दर्शक असा उकिडवा बसला की समजावं, काहीतरी काढून घ्यायला आलाय.

"काका, सरांना आज गोव्यातल्या मोपाहून फ्लाइट आहे. हायवेची अवस्था तुम्हाला माहितीये. त्यांचं आधी उरकतो. मग तुमच्यावर निवांत. सगळा वेळ तुमचा."

"चालेल," मी म्हणालो. न चालून सांगतो कुणाला?

मी क्रेटवर बसलो. मागे जेटीला लागलेले ट्रॉलर, समोर हिरो, ऊन त्याच्या तोंडावर तिरपं आलेलं. ॲक्शन झालं आणि मी बोलायला लागलो. नाटकात समोरच्याला अर्धं द्यायचं ही कल्पनाच नसते. तुम्ही दिलं नाहीत तर तो पडतो, तो पडला की तुम्ही पडता, आणि पडदा तर कुणी पाडत नाही. त्यामुळे सवयच अशी की समोर माणूस आहे, तर द्या. मी दिलं. हिरोचं कधी चुकायचं, कधी फोकस जायचा, कधी वरून घारी ओरडायच्या. दर टेकला मी वादळापासून सुरुवात केली. पोटऱ्यांत गोळे आले. दोन टेकच्या मधे ती मुलगी येऊन मला एनर्जी वाचवायचं सांगून गेली, आणि मी काय केलं ते वर लिहिलंच आहे.

आणि मग तो टेक आला. मी थोरल्याच्या नावापाशी पोचलो आणि थांबलो. थांबलो असं म्हणणंही बरोबर नाही. नाव तोंडातून निघेना. माझ्या हातात जाळंही नव्हतं, नुसतीच बोटं हलत होती. समोर हिरोच्या डोळ्यांत पाणी भरलं. ते ग्लिसरिन नव्हतं. त्याला ते पुसायचं होतं आणि तो पुसत नव्हता. मी नाव घेतलं. निखिलने कट म्हणायला फार वेळ लावला. मग युनिटने टाळ्या वाजवल्या.

टाळ्या हिरोला होत्या. तरी मला आनंद झाला, हे खोटं कशाला सांगू? चांगला प्रयोग झाल्यावर छाती जशी हलकी होते तशी झाली होती. हिरो उठून आला आणि माझ्या पाया पडला. "काका, तुमच्यामुळे झालं." तो मनापासून बोलला. माणूस वाईट नव्हता. मग तो गाडीत बसला आणि गेला.

निवांत वगैरे काही झालं नाही. ऊन ट्रॉलरच्या मागे गेलं होतं. बोटी यायची वेळ झाली होती आणि मासळीच्या लिलावाच्या आधी जागा मोकळी करून द्यायची, या अटीवर परवानगी मिळाली होती. मोठे लाइट लावले. बर्फ फोडायची मशीन सुरू झाली. साउंडवाल्याने हेडफोन काढून गळ्यात अडकवले आणि म्हणाला, "आता फक्त पिक्चर घ्या, आवाज डबिंगला बघू."

हिरो नाही, तर मी बघायचं कुठे? कॅमेऱ्याशेजारी एक स्टँड उभा केला. हिरोचे डोळे जिथे आले असते तिथे पांढरी चिकटपट्टी लावली. ती मुलगी स्टँडच्या मागे उभी राहून मोबाइलवरून हिरोची दोन वाक्यं वाचणार होती. तिने ती वाचली. किराण्याची यादी वाचावी तशी वाचली, आणि त्यात तिचा काही दोष नाही. दिवसभर मी एकट्यानेच ओतलं होतं, तिने कशाला ओतावं?

मी पट्टीशी बोललो. वादळ सांगितलं, बोट सांगितली, थोरल्याच्या नावापाशी आलो. तिथे थांबायचं असतं हे मला माहीत होतं, म्हणून थांबलो. आत काही नव्हतं. विहीर उपसून झाल्यावर बादली खाली खडखडते, तसं झालं होतं. मनात आकडे मोजले आणि नाव घेतलं.

"ओके," निखिल म्हणाला.

"वन मोर?" मी विचारलं.

"नको काका, मस्त होतं. लाइट गेला. पॅकअप."

नटाला कळतं. मला कळलं होतं. तरी घरी जाऊन माधवीला म्हणालो, बरं झालं. आणि शर्वरीला फोन करून सांगितलं की यात मी ठिपका नाही, मोठा दिसणार आहे.

पावसाळा सरल्यावर डबिंगला मुंबईत बोलावलं. डबिंग म्हणजे बंद खोलीत उभं राहून पडद्यावरच्या ओठांबरोबर आपलीच वाक्यं पुन्हा म्हणायची. भलतं किचकट काम असतं, ओठ आणि आवाज जुळता जुळत नाहीत. रेकॉर्डिस्ट मला धीर देत म्हणाला, "तुमचं सोपं आहे काका. लिपसिंकची भानगडच नाही."

मला कळेना. मग सीन लागला. माझं डोकं मागून, मानेवरचा मफलर, डावा खांदा. पुढे हिरो. नंतर हिरोचा चेहरा. पुन्हा हिरोचा चेहरा. वादळ त्याच्या चेहऱ्यावर, बोट त्याच्या चेहऱ्यावर. थोरल्याच्या नावाआधी ती थांबण्याची जागा आली, त्याचे डोळे भरले आणि सीन संपला.

निखिल मागच्या सोफ्यावर होता. "माझा क्लोजअप कुठाय?" मी विचारलं.

"काका, सीन बघा ना कसला वर्क होतोय."

"मी क्लोजअपचं विचारतोय."

"लावून बघितला होता. लाइट मॅच होत नाही. आणि खरं सांगू? तुम्ही त्यात थकलेले दिसता. एडिटर म्हणाला, ऐकणाऱ्याचा चेहराच जास्त बोलतो."

मी बाहेर आलो. जिन्यात उभा राहून दत्ताला फोन लावला. दत्ताने सगळं ऐकून घेतलं. मग त्याच्या पद्धतीने निखिलच्या खानदानाची विचारपूस केली.

"तोंड कापलंनी ना तुझं? आवाज देऊ नको. ऊठ नि ये."

"मी गेलो तर दुसऱ्याकडून करून घेतील."

दत्ताने आणखी एक शिवी हासडली. "मग दे बाबा. नायतर कोणतरी येल आणि तुझ्या जाग्यावर मालवणी बोलंल."

मी आत गेलो. हेडफोन लावले आणि बोललो. निखिलला पटेना. परत बोललो. परत. शेवटी तो म्हणाला, "काका, त्या दिवशी होतं ना, तसं द्या."

"त्या दिवशी कुठे होतं?"

"क्यूमध्ये."

त्याने रेकॉर्डिस्टला सांगून त्या दिवशीचा आवाज लावायला लावला. माइक हिरोकडे होता, त्यामुळे मी लांबून बोलल्यासारखा येत होतो. घारी, पाणी, कुठेतरी इंजिन, आणि त्यातून मी. नावाआधीची ती जागा आली. हेडफोनमध्ये नुसतं पाणी वाजत होतं. मग माझ्याच आवाजात ते नाव आलं, आणि मला रडू फुटलं. आपण त्या दिवशी किती चांगलं केलं होतं हे मला तिथे, त्या बंद खोलीत कळलं. आणि ते वापरता येण्यासारखं नव्हतं. इंजिनचा आवाज फार होता.

मग मी माझी नक्कल केली. दुसऱ्या नटाची करावी तशी, वाक्य ऐकून, जागा पकडून. तीच सिनेमात आहे. निखिल उठून उभा राहिला आणि म्हणाला, "सुपर्ब!"

सिनेमा रत्नागिरीत लागला तेव्हा आमची सगळी नाटक मंडळी पहिल्या खेळाला आली. टायटल्समध्ये माझं नाव आलं तेव्हा दत्ताने शिट्टी मारली. त्या सीनला तो माझ्या शेजारी बसून शिव्या देत होता, हळू आवाजात, अखंड. सुटल्यावर ओळखीच्या एक बाई भेटल्या. "अय्या, ते तांडेल तुम्ही होतात? मागनं ओळखूच आलं नाही हो." हिरोला पुढे त्या कामासाठी कुठलासा पुरस्कार मिळाला. मुलाखतीत त्याने सांगितलं की त्या सीनला तो स्वतःच्या खूप आत उतरला होता. उतरला असेलही. दोर कुणी धरला होता ते त्याला आठवलं नाही.

शर्वरीने तिकडे मोबाइलवर सिनेमा बघितला. फोन आला. सुरुवातीला बराच वेळ ती आंब्यांबद्दल बोलली. मग म्हणाली, "बाबा, सीन छान आहे." मी हो म्हणालो. मग तिने जपून विचारलं, "त्यात आवाज तुमचाच आहे ना?"

"माझाच," मी म्हणालो.

एवढीच काय ती माझी जमा. आता इथल्या कॉलेजची मुलं शिबिराला बोलावतात तेव्हा मी त्यांना स्पष्ट सांगतो. क्यू देताना अर्धंच द्या. समोरचा कितीही मोठा असो, कितीही पाया पडो, स्वतःच्या क्लोजअपसाठी मागे ठेवा. कॅमेरा आपल्याकडे नसेल तेव्हा आपण फुकट जातो. मुलं माना डोलावतात. मीही आता तसंच करतो. त्यानंतर आणखी दोन सिनेमांत छोटी कामं केली, क्यू देताना जांभईसुद्धा दिली, आणि दोन्हीकडे माझे क्लोजअप ठेवलेत. बरे आहेत. शर्वरीला पाठवले.

यंदा स्पर्धेच्या नाटकात दत्ता माझा भाऊ आहे. शाळेच्या हॉलमध्ये तालीम चालू होती. मी त्याला घर सोडून जायला सांगतो आणि तो कोसळतो, असा प्रवेश. मी बोलत होतो, दत्ता ऐकत होता, आणि मधेच तो उभाच राहिला. वाक्य विसरला असेल म्हणून मी त्याला सांभाळून घ्यायला पुढचं बोललो. त्याने हात वर केला.

"सुधा, तू देत नायस."

"काय देत नाही?"

"ता मी काय सांगू? देत नायस. कुणासाठी राखून ठेवतंस मेल्या? हितं मीच हाय."

मी घसा बसलाय म्हणालो. त्याने बाटलीतलं पाणी दिलं. मी प्यालो आणि आम्ही तोच प्रवेश पुन्हा घेतला. मी जमेल तेवढं देऊन बघितलं. या वेळी दत्ता मधे थांबला नाही. सगळी वाक्यं बिनचूक म्हणाला, जागच्या जागी कोसळला, वेळेवर उठला. फक्त पूर्वीसारखं माझ्या डोळ्यांत बघत नव्हता. त्याची नजर माझ्या कपाळाच्या जरा वर होती, तिथे चिकटपट्टी लावलेली असावी तशी.